मागे फिरता येते का? निरनिराळ्या कलांमधील निर्मितीच्या वाटांविषयी

काकतीकर

गेल्या महिन्यात नात्यातील एका वास्तुशांतीला गेलो होतो. जेवणे झाल्यावर ओसरीवर तिघेच उरलो: बेळगावच्या खासबागेत माग चालवणारे माझे मावसभाऊ अण्णा, जलरंगात निसर्गचित्रे काढणारे त्यांचे एक स्नेही आणि गेली वीस वर्षे कथा लिहीत असलेला मी. एका कथेचा नववा खर्डा चालू आहे आणि शेवट अजून सापडत नाही, असे मी सहज सांगितले. त्यावर अण्णा म्हणाले, "तुला खोडता येतं, म्हणून तू आधी लिहितोस आणि मग विचार करतोस. आमच्याकडे ताणा मागावर चढला की विचार संपलेला असावा लागतो." हे वाक्य त्यानंतर कित्येक दिवस मनातून जाईना, म्हणून चर्चेचा हा धागा काढत आहे.

निर्मितीविषयी बोलताना आपण बहुधा प्रेरणेपासून सुरुवात करतो. कल्पना कुठून आली, कधी सुचली, पहाटे की रात्री, असे विचारतो. हे प्रश्न सर्व कलावंतांना सारखेच विचारता येतात आणि म्हणूनच त्यांतून कलाकलांमधील फरक हाती लागत नाही. तो हाती लागतो दुसऱ्याच प्रश्नाने: चुकले तर मागे फिरता येते का, आणि येत असेल तर त्याची किंमत किती? कथाकाराला ती किंमत एका कागदाची असते. विणकराला ती कित्येक दिवसांच्या मजुरीची आणि सुताची असते. गायकाला तर मागे फिरताच येत नाही, कारण उच्चारलेला स्वर ऐकणाऱ्याच्या कानातून परत घेता येत नाही. माझा कयास असा आहे, की कलावंत विचार कधी करतो, सराव किती करतो आणि धाडस कोणत्या टप्प्यावर करतो, हे मुख्यतः या एका गोष्टीवरून ठरते. स्वभाव आणि प्रतिभा यांचा भाग त्यानंतर येतो.

ग्रॅहम वॉलस या इंग्रज विचारवंताने १९२६ मध्ये निर्मितीच्या चार अवस्था सांगितल्या होत्या: तयारी, मनात मुरणे, अचानक उजळणे आणि शेवटी पडताळणी. लेखकाला ही मांडणी पटते, पण विणकराला ती कशी पटावी? त्याची पडताळणी तर पहिला आडवा धागा टाकण्यापूर्वीच झालेली असते. आपल्याकडे राजशेखराने दहाव्या शतकाच्या सुमारास 'काव्यमीमांसे'त कवीच्या दिवसाचे प्रहर वाटून दिले आहेत. पहिल्या प्रहरी विद्यांचा अभ्यास, दुसऱ्या प्रहरी रचना, भोजनानंतर काव्यगोष्ठी आणि चौथ्या प्रहरी सकाळच्या रचनेची परीक्षा. या परीक्षेचे कारणही तो देतो: रसाच्या आवेशात रचना करणाऱ्याची दृष्टी विवेचक नसते, म्हणून नंतर जे अधिक असेल ते टाकावे, उणे असेल ते भरावे, ज्याची जागा चुकली असेल ते हलवावे आणि जे विसरले असेल ते आठवावे. ही चारही कामे मागे फिरण्याची आहेत. कुंभाराला, मूर्तिकाराला, गायकाला असा चौथा प्रहर मिळतो का? मिळत नसेल, तर तो त्यांच्या कामात कुठे दडलेला असतो?

ज्यांचे हात प्रत्यक्ष कामात आहेत त्यांनी कृपया सविस्तर लिहावे. मला तत्त्वचर्चेपेक्षा कामाचा तपशील अधिक हवा आहे.

खासबागचा माग

मीच तो मावसभाऊ. माझे वाक्य इथे आलेच आहे, तर ओसरीवर सांगायचे राहून गेलेले अर्धेही सांगतो.

ताणा म्हणजे कापडाच्या लांबीचे उभे धागे. ते किती घ्यायचे, काठाला कोणता रंग आणि अंगाला कोणता, कोणता धागा फणीच्या कोणत्या घरातून जाणार, हे सारे माग चालू होण्यापूर्वी ठरते. काठावरची नक्षी जॅकार्डच्या, म्हणजे मागावरच्या नक्षीयंत्राच्या, पुठ्ठ्यांवर छिद्रांच्या रूपाने आधीच पाडलेली असते. आमच्या एका ताण्यात अनेक साड्या निघतात, त्यामुळे काठाच्या रंगात चूक झाली तर ती एका साडीपुरती राहत नाही, ताणा संपेपर्यंत रोज डोळ्यांसमोर असते. इलकलला याहून अवघड रीत आहे. तिथे अंगाचा ताणा आणि पदराचा ताणा वेगवेगळा असतो आणि तो धाग्यांच्या फासांनी एकमेकांत अडकवून जोडतात. त्याला तिथे टोपी तेणी म्हणतात. त्या पद्धतीत प्रत्येक साडीसाठी नवी जुळणी लागते, म्हणजे विचारही प्रत्येक साडीला नव्याने करावा लागतो. मला तो कष्ट आणि ते स्वातंत्र्य, दोन्हींचा आदर वाटतो.

आता राहिलेली गोष्ट. ताणा बदलता येत नाही, पण बाणा, म्हणजे आडवा धागा, बदलता येतो. धोट्यातील कांडी बदलली की आडव्या धाग्याचा रंग बदलतो आणि दोन रंग एकमेकांतून गेले की जो तिसरा रंग उभा राहतो, तो कागदावर शेजारी शेजारी ठेवलेल्या नमुन्यांत कधीच दिसत नाही. एकदा एका व्यापाऱ्याने आमसुली ताण्यावर मोरपंखी बाणा मागितला. सुताच्या लडी शेजारी ठेवल्या तेव्हा दोघांनाही तो मेळ सुंदर वाटला होता. विणल्यावर कापड मळकट दिसू लागले. मी माग थांबवला, घरात होत्या त्या सर्व रंगांच्या कांड्या एकेक करून घातल्या आणि प्रत्येकीचे चार बोटे कापड विणून उजेडात नेऊन पाहिले. शेवटी फिकट मोतिया रंगाने आमसुली उजळला. व्यापाऱ्याने आपण मागितलेला रंग नाही म्हणून माल घेतला नाही, पण तो रंग मी नंतर कित्येक वर्षे विणला.

तेव्हापासून प्रत्येक नव्या ताण्याच्या सुरुवातीला वीतभर कापड मी केवळ बघण्यासाठी विणतो आणि साडी सुरू करण्यापूर्वी ते बाजूला काढतो. पुढे ते फेकूनच दिले जाते. काकतीकरांच्या भाषेत बोलायचे तर माझा चौथा प्रहर त्या वीतभर कापडात असतो.

कशिदा

मी मूळची बेळगावच्या शहापूरची, लग्नानंतर धारवाडला आले आणि सासूबाईंकडून कसुती हे इकडचे भरतकाम शिकले. घरात मराठी बोलतो, पण टाके मी आजही कन्नडमध्येच मोजते, कारण ज्या भाषेत हात शिकला त्याच भाषेत तो मोजतो.

कसुतीत कापडावर आधी पेन्सिलीने नक्षी काढत नाहीत. कापडाचे उभे आणि आडवे धागे मोजून टाका घालायचा. टाक्यांचे चार प्रकार आहेत. गवंटी हा सरळ धावत्या टाक्याचा, मुरगी हा पायऱ्यांसारखा नागमोडी, नेयगी विणल्यासारखा दिसणारा आणि मेंथी हा फुलीचा, मेथीच्या दाण्यासारखा. गोपुर, रथ, पालखी, तुळशीवृंदावन, हत्ती असे आकार यांतूनच उभे राहतात. गवंटी आणि मुरगी यांत नक्षी कापडाच्या दोन्ही बाजूंनी सारखीच दिसली पाहिजे आणि मागे गाठ असता कामा नये.

आता काकतीकर यांच्या प्रश्नाकडे येते. गवंटी घालताना सुई पुढे जाते तेव्हा एक टाका वर आणि एक टाका खाली असा जातो, म्हणजे वरच्या बाजूला एकाआड एक रिकाम्या जागा राहतात. त्या जागा परतीच्या वाटेवर भरायच्या असतात. म्हणून निघतानाच परत कुठून यायचे हे ठाऊक असावे लागते. मोरापासून एक फांदी फुटली, तर त्या फांदीच्या टोकापर्यंत जाऊन त्याच वाटेने परत मोरापाशी आले पाहिजे आणि मगच पुढे सरकता येते. एखादी फांदी परत न येता सोडली, तर ती रिकाम्या टाक्यांची राहते आणि नंतर नवा दोरा घालून ती भरायला गेले की दोन्ही बाजूंचा सारखेपणा बिघडतो. सासूबाई म्हणत, की जाताना जे अर्धे दिसते त्याला घाबरू नये. शिकणाऱ्या मुलींना हेच सर्वांत अवघड जाते. अर्धी, तुटक दिसणारी रेघ पाहून त्या मधेच टाके भरू लागतात.

तुम्ही मागे फिरण्याला चुकीची किंमत म्हणता. आमच्या कामात मागे फिरणे हा नक्षीचाच अर्धा भाग आहे. चूक मात्र वेगळी. धागा मोजण्यात एकाने चूक झाली, की ती तिथे दिसत नाही. गोपुराच्या दोन बाजू वर एकत्र येतात तेव्हाच ती उघडी पडते आणि तोवर शेकडो टाके झालेले असतात. अशा वेळी उसवते. उसवलेल्या जागी कापडाचे धागे थोडे फाकलेले राहतात आणि ते मला नेहमी दिसतात, इतरांना दिसत नसले तरी.

ओला कागद

ओसरीवरचा तिसरा मी. त्या दिवशी मी फारसे बोललो नव्हतो, कारण उत्तर सुचायला मला वेळ लागतो.

जलरंगात पांढरा रंग आपण लावत नाही, कागदाचा पांढरा राखतो. त्यामुळे चित्र काढण्यापूर्वी ठरवावे लागते ते हे, की काय रंगवायचे नाही. नदीवरचा उजेड, धुवट धोतर, भिंतीवर पडलेले ऊन या जागा राखून ठेवल्या नाहीत, तर त्या परत मिळत नाहीत. तैलरंगाचे तसे नाही. तिथे खरवडता येते, वाळू देऊन वर दुसरा थर देता येतो. पिकासोच्या 'गेर्निका' या चित्राचे उदाहरण या बाबतीत मोलाचे आहे. २६ एप्रिल १९३७ रोजी त्या गावावर बॉम्बहल्ला झाला, १ मे रोजी पहिली रेखाटने झाली आणि जूनच्या सुरुवातीला सुमारे साडेतीन मीटर उंच आणि पावणेआठ मीटर रुंद चित्र पुरे झाले. डोरा मार हिने चित्राच्या वेगवेगळ्या टप्प्यांची छायाचित्रे घेतली होती, त्यामुळे आकृत्या कशा हलल्या, काय पुसले गेले, हे आज आपण पाहू शकतो. म्हणजे पिकासोचा चौथा प्रहर कॅनव्हासवरच, सर्वांदेखत झाला. जलरंगवाल्याला असे करता येत नाही. त्याचा चौथा प्रहर चित्राच्या आधी, तळहाताएवढ्या रेखाटनांत होतो. एका दृश्याची मी आठ-दहा लहान रेखाटने करतो आणि त्यांत फक्त काळे, करडे आणि पांढरे असे तीनच भाग ठेवतो. एकदा ते ठरले की मूळ चित्र तासाभरात होते.

बेळगावात के. बी. कुलकर्णी यांच्यापासून चालत आलेली निसर्गचित्रांची आणि व्यक्तिचित्रांची मोठी परंपरा आहे. रवी परांजपे यांच्यासारखे चित्रकार त्यांच्याकडे शिकले. त्या परंपरेतील ज्येष्ठांकडून एक सवय मला मिळाली, ती म्हणजे जागेवर बसून पाहण्याची. छायाचित्रावरून काढताना सगळे आधीच सपाट झालेले असते आणि काय सोडायचे याचा निर्णय कॅमेऱ्याने घेतलेला असतो.

एक गोष्ट अजून सांगायची आहे. आपल्याकडच्या आषाढात कागद वाळत नाही. पहिला हात दिल्यावर उन्हाळ्यात दहा मिनिटांत वाळणारा कागद पावसाळ्यात तासभर ओला राहतो आणि रंग आपल्या मर्जीने पसरतो. पूर्वी मी त्या दोन महिन्यांत काम बंद ठेवीत असे. आता त्याच दिवसांत मी डोंगर आणि धुके काढतो, कारण ज्या कडा मला कधीच तितक्या मऊ करता आल्या नसत्या त्या हवा करून देते. हा निर्णय माझा आहे की हवेचा, हे मला सांगता येणार नाही.

खानापूरची माती

आमचे घराणे कुंभाराचे. खानापूरच्या मातीचे नाव आहे आणि खादी ग्रामोद्योगाची कुंभारकाम शिकवणारी संस्थाही आमच्या गावात आहे.

आमच्याकडे मागे फिरण्याची रेघ अगदी स्पष्ट आखलेली आहे. भाजण्यापूर्वी सगळे मागे घेता येते. चाकावर घडा वाकडा झाला तर गोळा करून पुन्हा चाकावर टाकतो. वाळलेला घडा तडकला तरी तो पाण्यात भिजवला की पुन्हा माती होते. एकदा भट्टीतून निघाला की तो घडा तरी झाला किंवा खापर तरी झाले, मधले काही नाही. त्यामुळे शिकणाऱ्याला चाकावर हवे तितके चुकू देतात, कोणी रागावत नाही. भट्टी लावण्याच्या दिवशी मात्र वडील कोणाला बोलू देत नसत. कोणते भांडे आगीजवळ आणि कोणते आत, जाड बुडाचे कुठे, ओल राहिलेले कोणते, हे ते हात लावून ठरवीत. ओल राहिलेला एक घडा फुटला तर शेजारच्या चार घड्यांना घेऊन जातो.

शाडू

खानापूरकरांनी लिहिलेले वाचून मला आमच्या कामातील उणीव कळली. आम्हाला भट्टी नाही, म्हणून आमच्याकडे अशी रेघ नाही. शाडूची मूर्ती शेवटपर्यंत कच्चीच असते आणि शेवटी पाण्यातच जाते. त्यामुळे हात मागे घेण्याचा क्षण माती ठरवत नाही, चतुर्थी ठरवते.

माझे वडील अनंत चतुर्दशी झाली की लगेच पुढच्या वर्षीच्या बैठकीची चित्रे काढायला बसत. विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी ते काढत, कारण या वर्षी काय जमले नाही ते तेव्हाच ताजे असते, असे त्यांचे म्हणणे होते. श्रावणात ते नवीन काहीही करत नसत. श्रावणात फक्त हात चालवायचा, डोके भाद्रपदानंतर चालवायचे, ही शिस्त मी अजून पाळते.

डोळ्यांची आखणी मात्र या सगळ्याला अपवाद आहे. बाकी मूर्ती कोणीही हाताखालचा रंगवतो. डोळे मी स्वतः आखते आणि पहाटे, कोणी उठण्यापूर्वी आखते. रंग पुसून पुन्हा आखता येतो, त्यात तांत्रिक अडचण काही नाही. पण पुसून आखलेला डोळा थकलेला दिसतो. रेघ एका श्वासात जाते तेव्हा तिला जो वेग असतो तो दुसऱ्या वेळी येत नाही, कारण दुसऱ्या वेळी हात जपून चालतो. म्हणून काकतीकर, मागे फिरता येते का, एवढेच विचारून भागणार नाही. मागे फिरता येत असूनही फिरू नये अशा जागा कोणत्या, हेही विचारावे लागेल.

तंबोरा

शाडूताईंनी लिहिलेल्या एका श्वासाच्या रेघेवरून मला गाण्याविषयी लिहावेसे वाटले. मी टिळकवाडीत मुलांना गाणे शिकवतो.

गाण्यात मागे फिरता येत नाही, हे खरे आहे, पण पुढच्या आवर्तनात मागच्याला अर्थ देता येतो. तान घेताना एखादा स्वर ठरवले त्याहून वेगळा लागला आणि तो रागात बसणारा असेल, तर चांगला गायक तिथून पळ काढत नाही. तो त्याच स्वरावर पुन्हा येतो, त्याच्याभोवती लहानशी जागा करतो आणि समेवर येईपर्यंत ऐकणाऱ्याला वाटते की हे आधीच ठरलेले होते. हे धाडस ज्या भरवशावर होते तो रियाजात मिळवावा लागतो. आम्ही मुलांकडून एकच पलटा महिनोन्‌महिने घोटून घेतो, त्यामागचे कारण हेच आहे. दुरुस्तीचा सगळा वेळ आम्ही आधीच खर्च करून ठेवतो.

आपल्या भागाने यातील दोन फार वेगळ्या वाटा पाहिल्या आहेत. हुबळीच्या गंगूबाई हानगल सवाई गंधर्वांकडे शिकायला रेल्वेने कुंदगोळला जात. ती एका गुरूच्या मुखातून, एका घराण्याच्या शिस्तीत, थेंबाथेंबाने मिळवलेली विद्या होती. दुसरी वाट कुमार गंधर्वांची. ८ एप्रिल १९२४ रोजी आपल्या सुळेभावीत जन्मलेला हा मुलगा लहानपणी मोठ्या गवयांच्या ध्वनिमुद्रिका ऐकून त्यांचे गाणे जसेच्या तसे गाऊन दाखवी. नंतर मुंबईत बी. आर. देवधरांकडे शिक्षण झाले आणि ऐन उमेदीत क्षयाने गाठले. १९४८ मध्ये ते देवासला गेले आणि काही वर्षे त्यांना गाता आले नाही. अंथरुणावर पडून ते माळव्यातील बायकांची लोकगीते ऐकत राहिले. पुढे त्यांनी लोकधुनांतून जे नवे राग उभे केले, त्यांना त्यांनी धुनउगम राग म्हटले. अनुकरणात ज्याचा हात कोणी धरू शकत नव्हते त्या गळ्याला सक्तीचे मौन मिळाले, आणि गाता येत नव्हते म्हणूनच तो केवळ ऐकत राहिला. ती ऐकण्याची वर्षे वॉलसच्या मांडणीत कुठे बसवायची? मुरण्याची अवस्था म्हणावी, तर ती त्यांनी निवडलेली नव्हती.

जाता जाता तंबोऱ्याविषयी. मिरजेच्या कारागिरांकडे मी जवारी, म्हणजे तारेचा झंकार, लावून घ्यायला जातो तेव्हा तासभर नुसते बघत बसतो. ते घोडीचा पृष्ठभाग किंचित घासतात, तार छेडतात, ऐकतात, पुन्हा घासतात. घासलेले परत चिकटवता येत नाही, म्हणून प्रत्येक वेळी घासण्यापेक्षा ऐकण्याला कितीतरी अधिक वेळ देतात.

सीमेवरचा वाचक

चर्चा फार चांगली चालली आहे, तरी मूळ मांडणीला माझी हरकत आहे आणि ती स्पष्टपणे नोंदवतो. काकतीकर यांनी लेखकाला सर्वांत सुखी ठरवले आहे, कारण त्याला खोडता येते. मला वाटते की खोडण्याची सोय ही लेखनातील सर्वांत मोठी अडचण आहे. विणकराला ताणा अडवतो, मूर्तिकाराला चतुर्थी अडवते, कुंभाराला भट्टी. लेखकाला कोणीच अडवत नाही, त्यामुळे काम पुरे कधी झाले हे त्याला बाहेरून कळत नाही.

आपल्याच भागातील उदाहरण देतो. प्रकाश संत यांनी लंपन या लहान मुलाच्या काही कथा लिहिल्या आणि नंतर त्यांच्या कथालेखनात दीर्घ खंड पडला. ते कराडला भूशास्त्र शिकवत होते. 'वनवास' हा संग्रह १९९४ मध्ये आला, तेव्हा ते पन्नाशी ओलांडलेले होते. तरी त्या कथांतील मुलगा कुठेही प्रौढ झालेला नाही आणि इकडच्या मराठीचा कन्नड वळणाचा हेल तसाच ताजा आहे. खर्ड्यांच्या संख्येने याचे स्पष्टीकरण मिळत नाही. काही मजकूर कागदावर खोडून सुधारत नाही, तो न लिहिता सांभाळावा लागतो. त्यांच्या आई इंदिरा संत याच बेळगावात राहून, शिकवण्याची नोकरी करून लिहीत राहिल्या, आणि त्यांच्या कवितेत वाक्य जिथे थांबते तिथे पुढचे बोलणे त्यांनी मुद्दाम राखलेले जाणवते. चित्रकार मित्रांनी कागदाचा पांढरा राखण्याविषयी लिहिले, तेव्हा मला त्यांच्या ओळीच आठवल्या.

दुसरी गोष्ट भाषेची. कशिदाताई कन्नडमध्ये मोजतात, हे वाचून मला द. रा. बेंद्रे आठवले. घरची भाषा मराठी, कविता कन्नड, आणि १९७३ चे ज्ञानपीठ त्याच कन्नड कवितेला. कोणत्या भाषेत काय सुचते हा आपल्याकडील निर्मितीचा रोजचा प्रश्न आहे आणि त्यावर आपण भांडणाच्या अंगाने फार बोललो, कामाच्या अंगाने फारच थोडे.

तिसरी घंटा

नाटकवाल्यांचे थोडक्यात. आमच्याकडे दोन्ही प्रकार आहेत. तालमीत हवे तितके मागे फिरता येते, प्रयोगात एक पाऊलही नाही. गोकाक भागात श्रीकृष्णपारिजात हे लोकनाट्य पाहिले तेव्हा तिसरा प्रकार कळला. तिथे गाणी बांधलेली असतात आणि मधले बोलणे नट समोरच्या गावाप्रमाणे घडवतात. सवाल काय येणार हे ठाऊक असते, जबाब काय द्यायचा हे त्या रात्री ठरते. शिवजयंतीच्या चित्ररथांत मात्र याच्या उलट. आवाज आधी मुद्रित केलेला असतो आणि ट्रॉलीवरच्या मुलांना रात्रभर, गल्लीगल्लीत, त्याच आवाजावर तोच प्रसंग करायचा असतो. पहाटे तीन वाजता जो मावळा अजूनही पहिल्यांदाच तलवार उपसल्यासारखी उपसतो, तो मुलगा मी पुढच्या नाटकासाठी हेरून ठेवतो.

काकतीकर

सर्वांचे मनापासून आभार. वाचक यांची हरकत मला मान्य आहे आणि शाडूताईंचा प्रश्न माझ्या प्रश्नाहून अधिक नेमका आहे, हेही मान्य आहे. मी लेखकाला सुखी ठरवले, ते चूक होते.

या आठवड्यात मी एक प्रयोग केला. अडलेल्या कथेचा शेवटचा प्रसंग शाईच्या पेनाने, एकही शब्द न खोडता लिहायचा असे ठरवले. लिहिण्यापूर्वी ओला कागद यांच्याप्रमाणे काय लिहायचे नाही ते ठरवले: आईच्या मनात काय चालले आहे ते लिहायचे नाही, फक्त ती हाताने काय करते ते लिहायचे. पहिल्या संध्याकाळी चार ओळी झाल्या आणि पाचव्या ओळीत मी चुकीचे वाक्य लिहिले. ती बस स्टँडवरच बसून राहिली, असे लिहून गेलो. आधीच्या नऊ खर्ड्यांत ती घरी परतत होती. एरवी मी ते तिथल्या तिथे खोडले असते. खोडायचे नव्हते, म्हणून तंबोरा सांगतात तसे त्याच वाक्यावर पुन्हा आलो. तिसऱ्या संध्याकाळी प्रसंग पुरा झाला आणि ती स्टँडवरच आहे, शेवटची बस गेलेली आहे. कथा पुरी झाली का, हे मी आजच सांगणार नाही, पण नऊ खर्ड्यांत जे मला दिसले नव्हते ते या खेपेस दिसले.

एक सूचना आहे. दिवाळीनंतर एखाद्या रविवारी सर्वांनी एकत्र बसावे आणि येताना पुरे झालेले काम आणू नये. लहान रेखाटने, तडकलेले भांडे, उसवलेला तुकडा, खोडलेली पाने, अशाच वस्तू आणाव्यात.

कशिदा

मी येईन. अण्णांना एक विनंती आहे. नव्या ताण्याच्या सुरुवातीचे जे वीतभर कापड तुम्ही काढून टाकता, ते मला मिळेल का? रंग बदलत गेलेले कापड मला कसुतीसाठी हवे आहे, फक्त कापड मागावर असताना मोजता आले तर इंचात किती उभे आणि किती आडवे धागे आहेत ते कळवावे. दोन्ही सारखे नसतील तर गोपुर बसके होते.

खासबागचा माग

अक्का, उभे आणि आडवे आमच्याकडे सारखे नसतात, उभे जास्त असतात. पण बाणा जरा दाटून ठोकला तर बराच फरक भरून निघेल. सोमवारी नवा ताणा चढतो आहे. त्याचे पहिले वीतभर कापड मी तुमच्यासाठी विणतो, पाच रंगांच्या कांड्या घालून. मोजून आकडा इथेच लिहीन.